निकाल सगळ्यांना माहीत होता

नेटपॅक संपलेल्यांसाठी आणि गर्दीत आवाज ऐकू न येणाऱ्यांसाठी आपला हा भाग इथे लेखी. रेकॉर्डिंगमध्ये जसं बोलले तसंच जवळपास ठेवलंय, फक्त माझे ‘म्हणजे’ आणि ‘अ‍ॅक्च्युअली’ कापलेत.

आज जायचंय नायजेरियाला. पश्चिम आफ्रिकेतला देश, आफ्रिकेतली सगळ्यात मोठी लोकसंख्या. नायजेरिया म्हटलं की आपल्याला फुटबॉल आठवतो, अफ्रोबीट्स आठवतं, आणि खरं सांगायचं तर ती ‘मी राजपुत्र आहे, माझे पैसे अडकलेत’वाली ईमेल आठवते. आज यातलं काहीच नाही. आज एका मतमोजणीची गोष्ट.

तारीख आहे १२ जून १९९३. शनिवार. राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक. मतदानाची पद्धत जरा नीट समजून घ्या, कारण पुढचं सगळं तिच्यावर उभं आहे. सकाळी मतदार केंद्रावर यायचा, यादीत नाव तपासून घ्यायचा आणि तिथेच थांबायचा. ठरलेल्या वेळी रांग लागायची. मतपत्रिका हातात आली की आडोशाला जाऊन अंगठा उठवायचा, म्हणजे मत कुणाला दिलं ते गुप्त. पण पेटी ठेवलेली उघड्यावर, सगळ्यांच्या समोर. मतदान संपलं की पेटी कुठेही जायची नाही. तिथेच उघडायची, तिथेच मोजणी, आकडा मोठ्याने वाचायचा, दोन्ही पक्षांच्या माणसांनी सही करायची. मग कागद वर जायचा.

म्हणजे काय झालं? वरपर्यंत निकाल पोचायच्या आधी गल्लीला गल्लीचा निकाल माहीत होता. गावाला गावाचा. ही पद्धत बसवणारे होते निवडणूक आयोगाचे अध्यक्ष, प्राध्यापक हम्फ्री न्वोसू. राज्यशास्त्र शिकवणारा माणूस. त्याआधी काही निवडणुकांत तर मतदारांना सरळ उमेदवाराच्या फोटोमागे रांग लावून उभं केलं होतं, की मोजा डोकी! त्यात गुप्तता शून्य. त्यामुळे १९९३ ला ही मधली वाट काढली.

पेट्या पळवणं, रात्रीत आकडे बदलणं, हे सगळं नायजेरियाने भोगलेलं होतं. या वेळी ते फारसं झालं नाही. आजही त्या देशात ही सगळ्यात स्वच्छ निवडणूक मानली जाते. आणि हीच निवडणूक रद्द झाली.

थोडं मागे जाऊ. नायजेरिया १ ऑक्टोबर १९६० ला ब्रिटिशांपासून स्वतंत्र झाला. १५ जानेवारी १९६६ ला पहिलं लष्करी बंड, पंतप्रधान अबुबकर तफावा बलेवा मारले गेले. त्याच वर्षी जुलैत दुसरं बंड. १९६७ ते १९७० बियाफ्राचं यादवी युद्ध, त्यावर एक वेगळा भाग करावा लागेल, दोन ओळींत उरकणं बरं नाही. १९७५ ला आणखी एक बंड. मग १९७९ मध्ये जनरल ओलुसेगुन ओबासांजोने निवडून आलेल्या सरकारकडे सत्ता दिली. हे नाव लक्षात ठेवा. ते नागरी सरकार सव्वाचार वर्षं टिकलं. १९८३ च्या ३१ डिसेंबरला रेडिओवर लष्करी संगीत सुरू झालं आणि एका ब्रिगेडियरने जाहीर केलं की सरकार गेलं. त्या ब्रिगेडियरचं नाव सानी अबाचा. हेही लक्षात ठेवा. सत्तेवर बसवलं गेलं मुहम्मदू बुहारीला. वीस महिन्यांत, ऑगस्ट १९८५ मध्ये, बुहारीलाही काढून इब्राहिम बाबांगिदा आला.

आता कुणी विचारेल, सैनिकांना सत्तेत एवढा रस का? एक उत्तर जमिनीखाली आहे. त्या काळात नायजेरियाच्या परदेशी कमाईचा नव्वद टक्क्यांहून जास्त भाग कच्च्या तेलाचा होता. विहिरी दक्षिणेला नायजर नदीच्या त्रिभुज प्रदेशात, पण पैसा थेट केंद्राच्या तिजोरीत. म्हणजे ज्याच्या हातात राजधानी, त्याच्या हातात तेल. शेतकऱ्याकडून, दुकानदाराकडून कर गोळा करायची गरजच नाही, मग त्यांना जाब देण्याचीही नाही. हे मला फार महत्त्वाचं वाटतं. लोकांच्या खिशातून सरकार चालत असेल तर निदान ‘आमच्या पैशाचं काय केलंत’ असं विचारता येतं.

तर बाबांगिदा. हसरा, गोड बोलणारा, पुढच्या दातांत फट. देशाने त्याला टोपणनाव दिलं होतं मॅराडोना. तो फुटबॉलवाला. कारण हा माणूस कुणालाही चकवून पुढे जायचा! आल्या आल्या त्याने स्वतःला ‘राष्ट्राध्यक्ष’ म्हणवून घेतलं. आधीचे लष्करशहा ‘लष्करी सरकारचे प्रमुख’ म्हणायचे. सत्ता नागरिकांना परत देईन म्हणाला. कधी? १९९० ला. मग १९९२ ला. मग जानेवारी १९९३ ला. मग ऑगस्ट १९९३ ला.

लोकांनी स्थापन केलेले पक्ष त्याने नाकारले आणि १९८९ मध्ये सरकारनेच दोन पक्ष तयार केले. एक जरासा डावा, एक जरासा उजवा. खरंच, असंच ठरवून दिलं होतं! नावं सरकारी, कार्यालयं सरकारी पैशांनी बांधलेली. १९९२ मध्ये या पक्षांनी उमेदवार निवडायला घेतले, तर घोटाळ्याचं कारण देऊन ती प्रक्रियाच रद्द केली आणि सगळ्या २३ इच्छुकांवर बंदी. लोकांना वाटायला लागलं, हा काही जात नाही.

आणि अशा वेळी मैदानात उतरला मोशूद अबिओला. सगळे त्याला एम. के. ओ. म्हणायचे.

त्या ‘के’ची गोष्ट ऐका. अबिओला हा बापाचं तेविसावं मूल. त्याच्या आधीचं एकही जगलं नव्हतं. म्हणून योरुबा भाषेत नाव ठेवलं काशिमावो, म्हणजे ‘थांबा, बघूया’. जगला तर पुढचं बघू! हा मुलगा अबेओकुटा शहरात लाकडाच्या मोळ्या विकत मोठा झाला, ग्लासगोला जाऊन हिशेबनीस झाला, आयटीटी या अमेरिकन कंपनीचा नायजेरियातला मोठा माणूस झाला आणि अफाट श्रीमंत झाला. स्वतःचं वर्तमानपत्र, स्वतःची विमान कंपनी, फुटबॉल क्लब. शाळा-मशिदी-चर्चना हात सैल सोडून देणग्या.

पण थांबा, त्याला संत करू नका. त्याची मोठी कमाई लष्करी सरकारांच्या टेलिफोन कंत्राटांतून आलेली. जनरल मंडळींशी त्याची घरोब्याची मैत्री, बाबांगिदाशी तर विशेष. फेला कुटी माहितीये ना, अफ्रोबीटचा बाप? त्याने आयटीटी नावाचं एक गाणंच केलं, त्यात अबिओला आणि ओबासांजो दोघांचीही सालं काढली. मला हा भाग सांगावासा वाटतो कारण आपल्याला हिरो स्वच्छ धुतलेला हवा असतो. इथे हिरो होता लष्कराच्या ताटातला माणूस. लोकांनी त्याला मत दिलं आणि त्या मतांनी तो बदलला, असं माझं वाचन आहे.

समोर होता कानोचा व्यापारी बशीर तोफा. नायजेरियात ढोबळ हिशेब असा की उत्तरेत मुसलमान जास्त, दक्षिणेत ख्रिश्चन जास्त, आणि उमेदवारांची जोडी करताना एक-एक घ्यायचा. अबिओला दक्षिणेतला योरुबा, धर्माने मुसलमान. त्याने उपाध्यक्षपदासाठी घेतला बाबागाना किंगीबे, उत्तरेतला आणि तोही मुसलमान. सगळे म्हणाले, संपला! दक्षिणेतले ख्रिश्चन याला कशाला मत देतील?

दिलं. ३० पैकी १९ राज्यांत अबिओला पुढे. उत्तरेतल्या कानोमध्ये, खुद्द तोफाच्या घरच्या राज्यातही पुढे. धर्म आणि टोळी यांच्यावर चालणारं राजकारण एका शनिवारी बाजूला पडलं होतं. म्हणून हे नुसतं ‘एक माणूस हरवला’ असं प्रकरण नाही.

मतदानाच्या दोन दिवस आधी आणखी एक नाटक झालं होतं. बाबांगिदानेच राहावं अशी मागणी करणारी एक संघटना उगवली होती आणि तिने अबुजाच्या उच्च न्यायालयातून १० जूनच्या रात्री निवडणुकीला स्थगिती मिळवली. हो, रात्री. न्वोसूंनी कायद्यावर बोट ठेवलं, की या बाबतीत कोर्टाला अधिकारच नाही, आणि निवडणूक घेतली. मतमोजणी सुरू झाली, जवळपास निम्म्या राज्यांचे आकडे आयोगाने जाहीरही केले. मग १६ जूनला आयोगाने निकाल थांबवले. थांबवायला लावले.

आणि २३ जूनला एक कागद आला. साधा कोरा कागद, त्यावर ना सही, ना तारीख, ना सरकारी शिक्का. मजकूर एवढाच, की निवडणूक रद्द. सुमारे एक कोटी ४३ लाख मतं गेली. हा कागद पत्रकारांपुढे आणला सरकारचा एक प्रसिद्धी अधिकारी एन्डुका इराबोर याने. आता गंमत बघा, गंमत कसली म्हणा, १९८४ मध्ये बुहारीच्या राजवटीत एक फर्मान निघालं होतं, की सरकारी माणसाची बदनामी होईल अशी बातमी छापली तर तुरुंग, बातमी खरी असली तरी. त्या फर्मानाखाली दोन पत्रकार तुरुंगात गेले. त्यातला एक हाच इराबोर.

रद्द का केली? बाबांगिदाने तीन दिवसांनी टीव्हीवर कारणं दिली. पैसा वाटला, कोर्टात दावे आहेत, वगैरे. कुणालाच पटली नाहीत. अबिओला आला तर आपलं काय होईल या भीतीने वरच्या अधिकाऱ्यांचा गट अडून बसला होता, अबाचा त्यात पुढे, हे नंतर उघड झालं.

जुलैमध्ये लागोस पेटलं. टायर जाळले, रस्ते बंद, बाजार बंद. हाक दिली होती ‘कॅम्पेन फॉर डेमोक्रसी’ने, तिचे प्रमुख डॉक्टर बेको रॅन्सम-कुटी, फेलाचे सख्खे भाऊ. या घरात हे नवं नव्हतं. त्यांच्या आईला, फुनमिलायो रॅन्सम-कुटींना, १९७७ मध्ये सैनिकांनी फेलाच्या घरावर धाड टाकली तेव्हा खिडकीतून खाली फेकलं होतं. पुढच्या वर्षी त्या गेल्या. तर लागोसमध्ये सैन्य उतरलं आणि शंभराहून जास्त माणसं मारली गेली.

ऑगस्टमध्ये बाबांगिदा ‘बाजूला झाला’. त्याचा शब्द हाच, बाजूला. खुर्चीवर बसवला अर्नेस्ट शोनेकान नावाचा उद्योगपती, अंतरिम सरकार म्हणून. संरक्षणमंत्री कोण? सानी अबाचा. १० नोव्हेंबरला लागोसच्या उच्च न्यायालयात न्यायमूर्ती डोलापो अकिन्सान्या यांनी निकाल दिला की हे अंतरिम सरकार बेकायदा आहे. एका आठवड्यात, १७ नोव्हेंबरला, अबाचाने शोनेकानला घरी पाठवलं.

आता इथे लोकशाहीवाल्यांची एक मोठी चूक. कित्येकांना वाटलं अबाचा सत्ता घेऊन अबिओलाला देईल. त्याच्या मंत्रिमंडळात चांगली चांगली माणसं गेली. परराष्ट्रमंत्री कोण झाला सांगू? बाबागाना किंगीबे. अबिओलाच्याच जोडीने निवडून आलेला उपाध्यक्ष! ही ओळ रेकॉर्ड करताना मी दोनदा थांबले होते.

अबाचा हसरा नव्हता. फार बोलायचाही नाही, काळा चष्मा लावून बसायचा. पक्ष बरखास्त, संसद बरखास्त, राज्यांची सरकारं बरखास्त. मे १९९४ मध्ये विरोधकांनी नाडेको नावाची आघाडी उभी केली. ११ जूनला, निवडणुकीच्या वर्षपूर्तीच्या आदल्या दिवशी, अबिओलाने लागोस बेटावरच्या एपेटेडो भागात जमावासमोर जाहीर केलं की मीच राष्ट्राध्यक्ष. काही दिवसांत अटक. देशद्रोहाचा आरोप.

मग तेल कामगार उठले. ४ जुलैला फ्रँक कोकोरी यांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला. मघाशी मी तेलाचं का सांगितलं ते आता बघा. ज्या नळीतून राजवटीला रक्त जायचं तिच्यावरच पाय पडला. पेट्रोल पंपांवर मैलमैल रांगा, शहरं ठप्प. जवळपास दोन महिने संप चालला. शेवटी अबाचाने संघटनेची कार्यकारिणीच बरखास्त करून आपला माणूस बसवला आणि कोकोरींना आत टाकलं. ते चार वर्षं आत होते.

वर्तमानपत्रांचं तर काय सांगू. कॉन्कॉर्ड, पंच आणि गार्डियन, तिन्ही समूह वर्षभराहून अधिक काळ कुलूपबंद. पण साप्ताहिकं थांबली नाहीत. टेल, द न्यूज, टेम्पो. संपादक आज या घरात, उद्या त्या घरात. ठरलेलं ऑफिस नाही. एका छापखान्यावर धाड पडली की दुसरा. विक्रेते अंक लपवून विकायचे. नायजेरियात याला ‘गनिमी पत्रकारिता’ म्हणतात, आणि गनिमी हा शब्द आपल्याला काही समजावून सांगायला नको. १९९५ मध्ये सरकारने एका कथित बंडाच्या नावाखाली धरपकड केली, तेव्हा ‘द न्यूज’चे संपादक कुनले अजिबादे यांना विचारलं, बातमी कुणी दिली ते सांगा. त्यांनी सांगितलं नाही. लष्करी न्यायासनाने जन्मठेप दिली, मग ती १५ वर्षांवर आणली. त्याच कथित बंडात माजी लष्करशहा ओबासांजोलाही तुरुंग झाला. ज्याने १९७९ ला सत्ता परत दिली, तोच.

वोले सोयिंका, साहित्याचं नोबेल मिळवणारे पहिले आफ्रिकन लेखक, १९९४ मध्ये मोटारसायकलवरून जंगलातल्या वाटांनी शेजारच्या बेनिन देशात निसटले. तेव्हा वय साठ.

दुसरा लेखक निसटला नाही. केन सारो-विवा. तो ओगोनी समाजाचा, तेलाच्या प्रदेशातला. त्याचं भांडण असं होतं, की आमच्या जमिनीतून तेल काढता, आमची शेतं आणि ओढे काळे करता, आम्हाला काय देता? चार ओगोनी म्होरक्यांच्या खुनाचा ठपका ठेवून त्याच्यासह नऊ जणांना विशेष न्यायासनाने फाशी सुनावली. वरच्या कोर्टात अपील नाही. १० नोव्हेंबर १९९५ ला पोर्ट हारकोर्टच्या तुरुंगात नऊही जणांना फाशी दिली. त्याच वेळी न्यूझीलंडमध्ये ऑकलंडला राष्ट्रकुलाची शिखर परिषद भरली होती, नेल्सन मंडेलांसह सगळे नेते हजर. दुसऱ्या दिवशी नायजेरियाचं सदस्यत्व निलंबित झालं. पण तेल विकत घेणं? ते कुणी थांबवलं नाही.

आता कुदिरत.

कुदिरत अबिओला ही एम. के. ओ.च्या पत्नींपैकी एक. नवरा तुरुंगात गेल्यावर ही बाई रस्त्यावर आली. संपावरच्या तेल कामगारांना मदत, परदेशी पत्रकारांना मुलाखती, नाडेकोच्या बैठका. अबिओलाला सुटकेचा देकार आला होता. अट साधी, निवडून आल्याचा दावा सोडायचा आणि घरी जायचं. तो नाही म्हणाला, आणि बाहेर तिनेही तो दावा खाली ठेवला नाही. ४ जून १९९६ ला लागोसमध्ये दिवसाढवळ्या तिच्या गाडीवर गोळ्या झाडल्या. ती वाचली नाही. लोकशाही आल्यावर चौकशी झाली, तेव्हा अबाचाच्या सुरक्षा पथकातल्या एका सार्जंटने गोळ्या आपण झाडल्याचं सांगितलं. अबाचाचा मुख्य सुरक्षा अधिकारी हमझा अल-मुस्तफा याला २०१२ मध्ये फाशीची शिक्षा झाली, २०१३ मध्ये अपिलात तो निर्दोष सुटला. म्हणजे तिच्या खुनासाठी शेवटी शिक्षा कुणाला? सांगा तुम्हीच.

तिच्या नावाने परदेशातल्या कार्यकर्त्यांनी एक रेडिओ चालवला, रेडिओ कुदिरत. शॉर्टवेव्हवरून नायजेरियात ऐकू यायचा. मला हे फार आवडतं, कदाचित मी स्वतः माइकसमोर बसते म्हणून असेल. जिच्यावर गोळ्या झाडल्या तिचंच नाव घेऊन रात्री घराघरांत आवाज यायचा आणि लोक दारं लावून ऐकायचे.

आणि हा किस्सा तर सांगायलाच हवा. न्यूयॉर्क शहराने नायजेरियाच्या दूतावासी कार्यालयाजवळच्या कोपऱ्याला कुदिरत अबिओलाचं नाव दिलं. म्हणजे रोज ऑफिसला येताना अबाचाच्या अधिकाऱ्यांनी ती पाटी वाचायची! अबाचा सरकार चिडलं. त्यांनी लागोसमधल्या अमेरिकन कार्यालयाच्या रस्त्याला अमेरिकन सरकारचे कट्टर टीकाकार लुईस फराखान यांचं नाव दिलं. पुढे लोकशाही आल्यावर त्याच रस्त्याला अबाचाच्या काळात लोकशाहीवाल्यांची बाजू घेणाऱ्या अमेरिकन राजदूताचं, वॉल्टर कॅरिंग्टन यांचं नाव मिळालं. पाट्यांचं युद्ध.

१९९८ उजाडलं. अबाचालाही ‘लोकशाही’ आणायची होती. पाच पक्षांना परवानगी. एप्रिलमध्ये पाचही पक्षांनी उमेदवार ठरवला आणि पाचही पक्षांचा उमेदवार एकच, सानी अबाचा! बोला ईगे नावाचे एक ज्येष्ठ नेते या पक्षांना एकाच महारोगी हाताची पाच बोटं म्हणायचे.

८ जून १९९८ ला अबाचा अचानक मेला. हृदयविकार, असं अधिकृत कारण. त्याच दिवशी कानोत दफन, शवविच्छेदन नाही. लागोसमध्ये लोक रस्त्यावर नाचले. पुढे स्वित्झर्लंडसह बऱ्याच देशांतल्या बँकांत त्याने आणि कुटुंबाने ठेवलेले अब्जावधी डॉलर सापडत गेले, आणि ते हप्त्याहप्त्याने नायजेरियाला अजूनही परत येतायत.

नवा प्रमुख आला जनरल अब्दुलसलामी अबुबकर. त्याने राजकैदी सोडायला सुरुवात केली. ओबासांजो सुटला, कोकोरी सुटले. अबिओला? नाही सुटला. चार वर्षं त्याला जगापासून इतकं तोडून ठेवलं होतं की संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस कोफी अन्नान भेटायला गेले तेव्हा हे कोण ते त्याला कळेना. तो आत गेला तेव्हा सरचिटणीस इजिप्तचे बुट्रोस घाली होते. तो इजिप्तवाला कुठे गेला, असं त्याने विचारलं.

७ जुलैला अमेरिकेचं शिष्टमंडळ त्याला भेटायला आलं. थॉमस पिकरिंग होते, सुझन राइस होत्या. बोलताना चहा आला. अबिओलाला त्रास सुरू झाला, आणि काही वेळात तो गेला. अबाचाच्या मृत्यूनंतर एका महिन्याच्या आत. परदेशी तज्ज्ञांनी शवविच्छेदन करून जुना हृदयविकार असं सांगितलं. नायजेरियात रस्त्यावरच्या माणसाला विचाराल तर तो त्या चहाबद्दल बोलेल. मी एवढंच म्हणेन, की चार वर्षं एकांतात आणि धड औषधोपचाराविना ठेवलेल्या माणसाचं हृदय थांबलं तर ते ‘नैसर्गिक’ कसं म्हणायचं?

दोन दावेदार, एक खुर्ची बळकावलेला आणि एक हक्काचा, दोघेही नाहीत. गाठ आपोआप सुटल्यासारखी झाली. फेब्रुवारी १९९९ मध्ये निवडणूक, आणि जिंकला कोण? ओबासांजो. तोच. मजा म्हणजे त्याच्या स्वतःच्या योरुबा भागाने त्याला मतं दिली नाहीत. तिथल्या लोकांना ठाऊक होतं की अबिओलाच्या जागेसाठी जनरल मंडळींनी आपल्यातलाच एक शोधलाय. २९ मे १९९९ ला तो राष्ट्राध्यक्ष झाला आणि ती तारीख ‘लोकशाही दिन’ ठरली. ज्या तारखेसाठी माणसं मेली ती तारीख नाही. सरकारी कॅलेंडरात १२ जून हा साधा दिवस राहिला. फक्त लागोस आणि आसपासची राज्यं आपापली सुट्टी द्यायची.

न्वोसू बराच काळ गप्प राहिले. २००८ मध्ये त्यांनी पुस्तक काढलं आणि सांगून टाकलं: अबिओला ८३ लाख ४१ हजार ३०९, तोफा ५९ लाख ५२ हजार ८७. आकडे लोकांना नवे नव्हते. कागदोपत्री जाहीर न झालेला निकाल पंधरा वर्षं घरोघरी पाठ होता. रेडिओ स्टेशन ताब्यात घेता येतं, छापखाना बंद करता येतो. पण त्या शनिवारी संध्याकाळी आपल्या गल्लीत आपल्या कानांनी ऐकलेला आकडा सैन्य कुठून परत घेणार?

२०१८ च्या जूनमध्ये सरकारने जाहीर केलं की यापुढे लोकशाही दिन १२ जूनला. अबिओलाला मरणोत्तर जीसीएफआर हा किताब दिला, जो त्या देशात राष्ट्रप्रमुखांनाच द्यायची रीत आहे. म्हणजे जवळजवळ कबुलीच. हे करणारा राष्ट्राध्यक्ष कोण होता? मुहम्मदू बुहारी. १९८३ ला निवडून आलेलं सरकार पाडून बसलेला, आता मतं घेऊन आलेला. आणि त्याच समारंभात किंगीबेलाही मोठा किताब मिळाला. काय बोलणार.

फेब्रुवारी २०२५ मध्ये, ८३ वर्षांच्या बाबांगिदाने अबुजात आत्मचरित्र प्रकाशित केलं. त्यात लिहिलं, अबिओला जिंकला होता. रद्द करण्याचा तो बिनसहीचा कागद मला न विचारता काढला गेला, मी तेव्हा कत्सिनाला होतो, अबाचा आणि मंडळी यामागे होती, पण प्रमुख म्हणून जबाबदारी माझी. समोर टाळ्या वाजवायला माजी राष्ट्रप्रमुखांची रांग होती. आजचा राष्ट्राध्यक्ष बोला टिनुबू होता, जो अबाचाच्या काळात नाडेकोचा कार्यकर्ता म्हणून देशाबाहेर पळाला होता. त्याच कार्यक्रमात बाबांगिदाच्या नावाच्या ग्रंथालयासाठी अब्जावधी नायरांच्या देणग्या जाहीर झाल्या.

हे ऐकायला प्राध्यापक हम्फ्री न्वोसू नव्हते. चार महिने आधी, ऑक्टोबर २०२४ मध्ये, ते वारले होते.